भोंगाताईंचं निलंबन

बसस्टँडवर माझं वर्तमानपत्रं, मासिकं आणि गोळ्याबिस्किटांचं दुकान आहे. दुकान म्हणजे एक फळी आणि फळीमागे मी. माझ्या डोक्यावर एक कर्णा टांगलेला आहे आणि त्यातून दिवसभर भोंगाताई बोलतात. त्यामुळे त्यांची माझी ओळख झाली ती आधी आवाजाने, चेहरा मागाहून.

फलाटाच्या टोकाला लोखंडी जिना चढून गेलं की काचेची एक लहान खोली लागते. तिथे माइकसमोर बसायचं आणि कुठली गाडी कुठे लागली, कुठली सुटतेय ते सांगायचं, हे त्यांचं काम. आवाज असा की बाकावर झोपलेला माणूस आधी उभा राहायचा, बॅग उचलायचा आणि मग शेजाऱ्याला विचारायचा, "काय म्हणाल्या?" भोंगाताई हे नाव कंडक्टर लोकांनी पाडलं. पहिल्यांदा पाठीमागे म्हणायचे. एकदा ते त्यांच्या कानावर गेलं, तर त्या म्हणाल्या, "बरोबरच आहे की. भोंगा नसता तर तुमच्यातले निम्मे दुसऱ्याच्या गाडीत चढून तिकिटं फाडत बसले असते." त्या दिवसापासून लोक तोंडावर म्हणू लागले.

ताईंचं घर स्टँडच्या मागच्याच गल्लीत. यजमान चष्मे दुरुस्त करायचे. बारीक स्क्रूंचं काम, आणि बोलणंही तितकंच बारीक. सासूबाईंना कानाने कमी ऐकू यायचं. त्या येईल त्याला सांगायच्या, "या घरात मला एकट्या सुनेचं बोलणं ऐकू येतं. मुलगा काय बोलतो ते तो लहान होता तेव्हापासून मला कळलेलं नाही."

डेपोच्या मॅनेजरना आम्ही होईलसाहेब म्हणायचो. पंखा बंद आहे, नळाला पाणी नाही, छप्पर गळतंय, काहीही सांगा, साहेब मान हलवून म्हणायचे, "होईल, होईल." माणूस दुष्ट नव्हता. फक्त वरून फोन आला की ते समोर दिसेल त्याच्यावर सही करून मोकळे व्हायचे.

नव्या प्रतीक्षालयाचं उद्घाटन होतं त्या दिवशी महामंडळाचे अध्यक्ष आले होते. फीत, कात्री, भाषण, सगळं यथासांग चाललं होतं. तिकडे फलाटावर मात्र मोठ्या शहराला जाणाऱ्या पाच नंबरच्या गाडीचे प्रवासी सकाळपासून ताटकळत होते. कंट्रोलच्या खोलीतून भोंगाताईंना फोन यायचा, सांगा, गाडी थोड्याच वेळात येते आहे. त्या सांगायच्या. पुन्हा फोन, पुन्हा तेच. लोक जिना चढून वर येऊ लागले. कोणाची परीक्षा, कोणाचा पेशंट. एका बाईने काचेवर कपाळ टेकवून विचारलं, "ताई, खरं सांगा, येणार आहे का हो?"

ताईंनी सरळ वर्कशॉपला फोन लावला. तिथल्या मिस्त्रीने सांगितलं, "पाच नंबर? तिची तर चाकं काढून ठेवलीत. त्यातलं एक सात नंबरला लावलंय."

झालं. खाली अध्यक्ष सांगत होते की आपल्या सेवेवर प्रवाशांचा किती विश्वास आहे, आणि वरून कर्णा बोलला, "प्रवाशांनी लक्ष द्यावं. पाच नंबरची गाडी थोड्याच वेळात येईल असं मी सकाळपासून सांगत होते. ते चूक होतं. गाडी वर्कशॉपमध्ये आहे. तिला चाकं नाहीत. चाकांशिवाय गाडी येत नाही. ज्यांना घाई आहे त्यांनी रेल्वे स्टेशनवर जावं, दुपारची रेल्वे अजून मिळेल."

प्रतीक्षालयात टाळ्या पडल्या. अध्यक्षांना वाटलं भाषणाला पडल्या, म्हणून त्यांनी हात जोडले. मागून कोणीतरी त्यांच्या कानात नीट समजावून सांगितल्यावर त्यांनी होईलसाहेबांकडे नुसतं एकदा पाहिलं. संध्याकाळच्या आत ताईंच्या हातात निलंबनाचा आदेश पडला. कारण लिहिलं होतं, "महामंडळाच्या प्रतिमेस बाधा आणणारे सत्यकथन." बहुतेक "असत्यकथन" लिहायचं होतं आणि टायपिस्टचा अ राहून गेला. की नसेलही राहिला.

निलंबन म्हणजे घरी बसणं, असं मला वाटायचं. तसं नसतं. अर्धा पगार मिळतो आणि रोज कचेरीत येऊन हजेरीची सही करावी लागते, पण कामाला हात लावायचा नाही. ताई सकाळी सही करायच्या आणि माझ्या फळीशेजारच्या बाकावर येऊन बसायच्या. वर खोलीला कुलूप लागलं होतं आणि आत एक यंत्र बसवलं होतं. त्यातली बाई मधाळ आवाजात म्हणायची, "प्रिय प्रवासीहो, आपली गाडी थोड्याच वेळात येत आहे." गाडी आलेली असो, गेलेली असो, नसो, ती तेच म्हणायची. लोक मग ताईंनाच येऊन विचारायचे. ताई बसल्या जागेवरून सांगायच्या आणि ते तीन फलाटांवर ऐकू जायचं.

खरी पंचाईत घरी झाली. दिवसभर माइकवर जाणारा सगळा जोर आता घरात निघू लागला. चहा झालाय हे त्या अशा सांगायच्या की समोरच्या बिऱ्हाडातला माणूस कप घेऊन दारात यायचा. एकदा यजमान हळूच म्हणाले, "अगं, मी इथे शेजारीच बसलोय."

"मग येत का नाही?"

"आलोच आहे."

सासूबाई मात्र खूश होत्या. त्यांच्या मते घर पहिल्यांदाच नीट ऐकू येत होतं.

असेच दिवस चालले होते. आरोपपत्र नाही, चौकशी नाही, विचारलं की साहेब म्हणायचे, "होईल." एक दिवस काळा कोट हातावर टाकलेले एक वयस्क वकील माझ्याकडे वर्तमानपत्र घ्यायला आले आणि कर्ण्याकडे बघून म्हणाले, "ही कोण बया बसवलीय? आधीच्या बाई कुठे गेल्या?"

मी बाकाकडे बोट दाखवलं आणि हकीकत सांगितली.

वकीलसाहेब वर्तमानपत्र तसंच ठेवून बाकाशी गेले. "बाई, त्या दिवशी पाच नंबरच्या गाडीची वाट बघत मी इथेच उभा होतो. तुमचं ऐकलं, रेल्वे पकडली आणि कोर्टात वेळेवर पोचलो. नाहीतर एका गरीब माणसाची केस माझ्या गैरहजेरीत उडाली असती. तो आदेश दाखवा बघू."

त्यांनी आदेश वाचला, उलटा केला, परत सुलटा केला. मग शेवटच्या सहीवर बोट ठेवून म्हणाले, "हे कोणी केलं? निलंबनाचा अधिकार विभागीय अधिकाऱ्याचा असतो. डेपो मॅनेजरला फार तर पंखा निलंबित करता येईल."

"तोही त्यांनी केलेला आहे," मी म्हणालो.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे यजमानांचं मत. ते त्यांनी मांडलं, पण सासूबाईंना ऐकू गेलं नाही, आणि त्या म्हणाल्या, "बघ, त्याचीही संमती आहे." अशा रीतीने अर्ज दाखल झाला.

मोठ्या शहरातल्या त्या कोर्टात न्यायाधीशबाई इतक्या हळू बोलायच्या की त्या बोलू लागल्या की सगळं कोर्ट पुढे झुकायचं. त्यांनी महामंडळाच्या वकिलाला दोनच प्रश्न विचारले. सही कोणाची? मॅनेजरची. अधिकार कोणाचा? तो वकील कागद चाळू लागला आणि बराच वेळ चाळतच राहिला. निकाल लागला, निलंबन रद्द, कर्मचाऱ्याला तिच्या मूळ जागेवर, मूळ कामावर ताबडतोब रुजू करून घ्यावं. चौकशी करायची असेल तर रीतसर करावी.

दुसऱ्या दिवशी ताई नवीन पेन घेऊन कामावर आल्या. होईलसाहेबांनी हजेरीपटावर सही करू दिली, मग म्हणाले, "खोलीची किल्ली हरवलीय. सापडेल. तोवर हरवलेल्या सामानाच्या खोलीत बसा."

खरी गोष्ट अशी की अध्यक्षांचा फोन आला होता, "ती बाई माइकवर दिसता कामा नये." एकीकडे कोर्ट, एकीकडे अध्यक्ष. साहेबांनी हिशोब केला की कोर्ट लांब आहे आणि फोन टेबलावर आहे.

हरवलेल्या सामानाच्या खोलीत छत्र्या होत्या, एकेकट्या चपला होत्या, एक कवळी होती आणि कोणाचं तरी हार्मोनियम होतं. ताई तिथे खिडकीशी बसायच्या. खिडकी वर्कशॉपवर उघडायची, त्यामुळे कुठल्या गाडीचं काय बिघडलंय हे आता त्यांना आधीपेक्षाही चांगलं कळू लागलं, फक्त सांगायला कोणी नव्हतं. दुपारी त्या माझ्याकडे आल्या, तेव्हा मी पहिल्यांदा त्यांना हळू आवाजात बोलताना ऐकलं.

"निलंबन बरं होतं हो," त्या म्हणाल्या. "तेव्हा निदान मला काढलंय हे सगळ्यांना माहीत होतं. आता मी आहे म्हणतात, आणि मी तर कुठेच नाही."

मी त्यांना एक गोळी दिली. घशाची होती.

वर्तमानपत्र घ्यायला आलेल्या वकीलसाहेबांनी ताईंना विचारलं, "काम काय देतात?"

"छत्र्या सांभाळते."

"आदेशात छत्री हा शब्द नाही," ते म्हणाले. "हा सरळ कोर्टाचा अवमान आहे."

त्या संध्याकाळी मी वर्तमानपत्र द्यायला ताईंच्या घरी गेलो होतो. सासूबाई अवमान म्हणजे काय ते समजावून घेत होत्या.

"म्हणजे तुमच्या साहेबाने कोर्टाला शिवी दिली?"

"नाही आई. कोर्टाने सांगितलं ते ऐकलं नाही."

"ऐकलं नाही म्हणून शिक्षा?"

"हो. तुरुंगसुद्धा होऊ शकतो म्हणे."

सासूबाई गंभीर झाल्या. म्हणाल्या, "कानाचा दाखला असला तर सोडतात का?"

अवमानाची नोटीस आली आणि होईलसाहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. त्यात लिहिलं होतं की मॅनेजरने जातीने हजर राहावं, न राहिल्यास वॉरंट निघेल. आतापर्यंत त्यांच्या नावाचा कागद कोणीतरी दुसरं उत्तर द्यायला घेऊन जायचं. इथे जातीने असं लिहिलेलं. त्यांनी अध्यक्षांना फोन लावला. तिकडून निरोप आला की अध्यक्ष दौऱ्यावर आहेत. पुन्हा लावला, तर मीटिंगमध्ये. तिसऱ्यांदा लावला तेव्हा अध्यक्ष स्वतःच म्हणाले, "अहो, मी फक्त माझं मत सांगितलं होतं. लेखी कुठे काय दिलंय?"

साहेब हरवलेल्या सामानाच्या खोलीत गेले आणि छत्र्यांमध्ये उभे राहून म्हणाले, "ताई, किल्ली सापडली."

"चांगलं झालं," ताई म्हणाल्या. "पण वकीलसाहेब म्हणतात आता तारीख लागलीय. जे सांगायचं ते तिथेच सांगा."

तारखेच्या दिवशी मीही निघालो. ताईंना माइकपासून लांब बसवलंय हे मी डोळ्यांनी पाहिलं होतं, तसं प्रतिज्ञापत्र मी दिलं होतं. ताई, यजमान, सासूबाई आणि मी असे सकाळी स्टँडवर जमलो. सासूबाईंना घरी राहा म्हटलं होतं. त्यांनी ते ऐकलं नाही.

पाहतो तर पाच नंबरच्या गाडीच्या फलाटावर होईलसाहेब. इस्त्रीचा शर्ट, मांडीवर फाइल, चेहरा उतरलेला. वरून मधाळ आवाज म्हणत होता, "प्रिय प्रवासीहो, आपली गाडी थोड्याच वेळात येत आहे." साहेब प्रत्येक वेळी मान वर करून रस्त्याकडे बघायचे. स्वतःच बसवलेलं यंत्र, आणि त्यावर स्वतःचाच विश्वास.

ताई थबकल्या. "पाच नंबर वर्कशॉपला आहे. काल संध्याकाळीच नेलीय, मी खिडकीतून बघितलं."

"बसू दे त्याला," सासूबाई म्हणाल्या. "तुलाही बसवलं ना त्याने?"

"आई, तो आला नाही तर वॉरंट निघेल. याला आत घातलं तर मला माइकवर बसवायचा आदेश कोण काढणार? नवा माणूस येईल, तो फाइल वाचणार, मग म्हणणार बघतो." एवढं बोलून त्या फलाटाच्या कडेला गेल्या आणि माइकशिवाय म्हणाल्या, "साहेब, पाच नंबर येणार नाही. रेल्वेने चला."

साहेब उठले. त्यांच्याबरोबर फलाटावरचे सगळेच उठले.

रेल्वेत आम्ही समोरासमोर बसलो. वादी, प्रतिवादी आणि मधे सासूबाईंचा डबा. यजमानांनी साहेबांचा चष्मा मागून घेतला, त्याची ढिली काडी खिशातल्या पेचकसाने घट्ट केली आणि परत दिला. साहेब म्हणाले, "किती दिवसांपासून करायचं होतं." यजमान काहीतरी म्हणाले, ते कोणालाच ऐकू गेलं नाही.

वकीलसाहेब कोर्टाच्या दारात उभे होते. आम्हाला सगळ्यांना एकत्र येताना बघून त्यांनी कपाळाला हात लावला. "बाई, तुम्ही याला घेऊन आलात? न येता तर आपलं काम आपोआप झालं असतं."

"त्यांना गाडी नव्हती," ताई म्हणाल्या.

पुकारा झाला. न्यायाधीशबाईंनी फाइल उघडली. महामंडळाचा वकील म्हणाला की आदेशाचं तंतोतंत पालन झालेलं आहे, कर्मचारी हजेरीपटावर आहे, पगार पूर्ण आहे.

"मूळ काम काय होतं?" न्यायाधीशबाईंनी विचारलं. कोर्ट पुढे झुकलं.

"घोषणा करणं."

"आणि सध्याचं?"

वकिलाने साहेबांकडे पाहिलं. साहेबांनी जमिनीकडे पाहिलं.

"बेवारस वस्तूंची देखभाल," वकील म्हणाला.

न्यायाधीशबाईंनी माझं प्रतिज्ञापत्र वाचलं. कवळीचा उल्लेख आला तिथे त्या जरा थांबल्या असाव्यात. मग साहेबांना म्हणाल्या, "तुम्हाला काही सांगायचंय?"

साहेबांनी लिहून आणलेला माफीनामा काढला. "माझ्याकडून जर काही अवमान झाला असेल, तर..."

"जर?" न्यायाधीशबाई म्हणाल्या. तेवढंच.

महामंडळाच्या वकिलाने घाईघाईने पेन काढून तो "जर" खोडला. मग "असेल तर" खोडलं. वाक्यात उरलं ते फारच उघडं दिसू लागलं. साहेबांनी कागद पुन्हा धरला आणि वाचायला सुरुवात केली, पण आवाजच फुटेना. ओठ हलत होते. न्यायाधीशबाई म्हणाल्या, "मोठ्याने." पण त्यांचा स्वतःचाच आवाज इतका लहान की साहेबांना तेही ऐकू गेलं नाही. टंकलेखिका हात वर धरून बसलेली. एक जण ऐकू येईना असं बोलतोय, दुसऱ्याला ते ऐकू येत नाही, आणि घोडं तिथेच पेंड खातंय.

आणि तेव्हा बाजूच्या बाकावरून तो आवाज आला.

"मी न्यायालयाच्या आदेशाचं पालन केलं नाही. किल्ली हरवली नव्हती, ती माझ्या ड्रॉवरमध्ये होती. मी न्यायालयाची विनाशर्त माफी मागतो."

साहेबांच्या ओठांवरून वाचून ताईंनी ते जसंच्या तसं पुढे पोचवलं होतं. काचा थरथरल्या. शेजारच्या कोर्टातला शिपाई दारात येऊन उभा राहिला. सासूबाई म्हणाल्या, "आता कसं नीट कळलं."

न्यायाधीशबाईंनी चष्मा वर केला. "आपण कोण?"

ताई उभ्या राहिल्या. "मीच अर्जदार, साहेब. सवय आहे. कोणी हळू बोललं की राहवत नाही."

"म्हणजे ज्यांच्यासाठीचा आदेश पाळला गेला नाही, त्यांनीच न पाळणाऱ्याची माफी वाचून दाखवली?"

"त्यांचंच बोलणं आहे, साहेब. मी फक्त मोठं केलं."

न्यायाधीशबाईंनी फाइल तोंडासमोर धरली. बराच वेळ त्या ती फाइल वाचत होत्या, फक्त फाइल उलटी होती. खाली ठेवली तेव्हा चेहरा पुन्हा गंभीर होता. त्यांनी साहेबांना विचारलं, "हे तुमचंच म्हणणं आहे?" साहेबांनी मान हलवली. मग त्या म्हणाल्या की माफी मान्य, पण उद्या सकाळी पहिल्या गाडीची घोषणा या बाईंनीच करायची, आणि तसं झाल्याचं मॅनेजरने स्वतः लेखी कळवायचं. नाही झालं तर पुढच्या वेळी माफीचा कागद आणू नये, बिछाना आणावा.

वकीलसाहेब बाहेर येऊन म्हणाले, "एवढी वर्षं वकिली केली. अशिलाने विरुद्ध बाजूची वकिली केलेली आज पाहिली." पण ते खूश होते. त्यांनी सगळ्यांना चहा पाजला, साहेबांनाही. साहेबांनी दोन्ही हातांनी कप धरला आणि ताईंना म्हणाले, "ड्रॉवरचं मी म्हणालो होतो का हो?"

"म्हणालात की."

"मला आठवत नाही."

"ओठ हलले तुमचे," ताई म्हणाल्या. ते खरं होतं की नव्हतं हे मी नंतर दोनतीनदा विचारलं. दर वेळी त्यांनी गाडीची वेळ झाल्याचं सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी होईलसाहेबांनी स्वतः कुलूप उघडलं. यंत्र हरवलेल्या सामानाच्या खोलीत हार्मोनियमशेजारी गेलं. पहिली घोषणा झाली तेव्हा माझ्या फळीवरच्या बरण्या वाजल्या आणि झाडूवाल्याने झाडू खाली ठेवला.

चौकशीही मग झाली, रीतसर. चौकशी अधिकाऱ्याने विचारलं की बाई जे बोलल्या ते खोटं होतं का. गाडी त्या दिवशी आली होती असा एकही माणूस सापडेना. शेवटी "यापुढे सौम्य भाषा वापरावी" अशी तोंडी समज देऊन प्रकरण मिटलं. समज साहेबांनी दिली आणि ताईंनी ती लागलीच माइकवरून सगळ्या स्टँडला ऐकवली, कारण आपल्याला काय समज मिळाली हे प्रवाशांनाही कळायला हवं, असं त्यांचं म्हणणं.

आता गाडी रद्द झाली की साहेब जिना चढून वर जातात आणि दोघांची शब्दांवरून हुज्जत होते. साहेबांना "तांत्रिक कारण" हवं असतं, ताईंना "क्लच गेला" हवं असतं. बहुतेक वेळा "क्लचचं तांत्रिक कारण" यावर तडजोड होते.

गेल्या आठवड्यात एक म्हातारे गृहस्थ काठी टेकत जिना चढून गेले. तक्रार होती. म्हणाले, "बाई, पूर्वी तुम्ही गाडी येतेय म्हणायच्या तर मी इथे दोनदोन तास मजेत बसायचो. चार माणसं भेटायची. आता तुम्ही सकाळीच सांगून टाकता की येणार नाही. मग मी घरी जाऊन करू काय?"

संध्याकाळी ताई मला म्हणाल्या, "त्यांचंही चूक नाही हो." रात्रभर विचार केला असावा. सकाळी सात नंबर रद्द झाली, तेव्हा कर्णा म्हणाला की सात नंबर येणार नाही, क्लच गेला आहे, ज्यांना घाई आहे त्यांनी रेल्वेने जावं. मग जरा थांबून म्हणाला, "आणि ज्यांना घाई नाही त्यांनी बसावं. बाकं मोकळी आहेत."

म्हातारे गृहस्थ बसले. माझ्याकडून एक वर्तमानपत्र घेतलं, कालचं चालेल म्हणाले.